पिल्ले दगावतात तेव्हा

पहाटे परसातील गोणपाटाकडे पाहावे, तर आदल्या दिवशी व्यालेल्या कुत्रीच्या सहा पिल्लांपैकी दोन निश्चल पडलेली दिसतात. मुले रडतात. मोठी माणसे मनातल्या मनात स्वतःला दोष देऊ लागतात. रात्री एकदा उठून पाहिले असते तर? आपला हात लागला म्हणून तर आईने त्यांना टाकले नसेल? या प्रश्नांची उत्तरे पिल्लाच्या शरीरात शोधावी लागतात.

कुत्रीचा गर्भकाळ सुमारे ६३ दिवसांचा असतो. जन्मतः पिल्लाचे डोळे मिटलेले आणि कान बंद असतात; डोळे उघडण्यास दहा ते चौदा दिवस लागतात. परंतु आंधळेपणापेक्षा त्याला अधिक भय असते ते गारठ्याचे. मोठ्या कुत्र्याच्या शरीराचे तापमान ३८ ते ३९ अंश सेल्सिअस असते. पिल्लाचे तापमान पहिल्या आठवड्यात ३५ ते ३७ अंशांच्या आसपास असते आणि तेही आई व भावंडांच्या उबेवर टिकून राहते. कुडकुडून अंगात ऊब निर्माण करण्याची शक्ती त्याला अद्याप आलेली नसते. ते घोळक्यातून बाजूला सरकून गारठले, की त्याचे चोखणे थांबते आणि आतड्यांची हालचाल मंदावते. अशा पिल्लाला आई कित्येकदा दूर ढकलते. पाहणाऱ्यास हे क्रौर्य वाटते. पण थंड पडलेले, हालचाल न करणारे पिल्लू तिला आपले म्हणून ओळखू येत नसावे. ओळखीच्या माणसाचा हात लागला म्हणून पाळीव कुत्री सहसा पिल्लांना टाकत नाही.

काही पिल्ले जन्मतःच कमी वजनाची असतात, काहींमध्ये बाहेरून न दिसणारे व्यंग असते, तर काहींना पहिल्या दिवसाचा चीक मिळत नाही. एकामागून एक पिल्ले दगावू लागली, तर मात्र संसर्गाची शक्यता असते आणि पशुवैद्यास त्वरित दाखवावे लागते.

करुणेपोटी एक चूक हमखास घडते. गारठलेल्या पिल्लाच्या तोंडात लगेच दूध घातले जाते. ते पचत नाही, प्रसंगी फुप्फुसातही जाते. आधी त्याला हळूहळू ऊब द्यावी, दूध त्यानंतर.

आईही पिल्लांना शोधते, हुंगते, कण्हते. मृत पिल्लू काही वेळ तिच्याजवळ राहू दिले तरी चालते. सर्वच पिल्ले गेली असतील, तर दूध साचून सड ताठरतात; ते पिळून काढू नये, कारण त्यामुळे दूध अधिकच येते. सड लाल, गरम व दुखरे झाल्यास पशुवैद्याकडे न्यावे.

मुलांना ‘पिल्लू झोपले’ असे सांगितले जाते. ती मग त्याच्या जागे होण्याची वाट पाहतात. ते मेले, हे साध्या शब्दांत सांगावे आणि खोल खड्डा करून पुरताना त्यांना सोबत घ्यावे.

उरलेल्या चार पिल्लांची ऊब आता दोघांनी कमी झालेली असते. त्याच रात्री गोणपाटावर आणखी एक जुने लुगडे अंथरावे लागते.