पहिला झुरका

पहिला झुरका कोणालाच गोड लागत नाही. ठसका लागतो, डोळ्यांत पाणी येते, डोके गरगरते. तरीही नवखा दुसरा झुरका घेतो. असे का व्हावे?

तंबाखू मूळची अमेरिका खंडातली. पोर्तुगीजांनी ती आपल्याकडे आणली. अकबराचा दरबारी असदबेग वकिलातीसाठी आदिलशाही विजापुरास गेला असता त्याला ती प्रथम दिसली. आपल्या मुरुमपासून विजापूर काही फार दूर नाही! त्याने तंबाखू आणि रत्नजडित हुक्का नेऊन बादशहापुढे ठेवला. ही हकीकत त्यानेच लिहून ठेवली आहे. १६०५ साली अकबर वारला, त्याच्या थोडी आधीची ही गोष्ट. बादशहाने झुरके घेतले, तोच हकीम आड आला. आमच्या ग्रंथांत हिचा उल्लेख नाही, असे त्याचे म्हणणे. अकबर पुढे तंबाखूच्या नादी लागला नाही. पण असदबेगाने ती उमरावांत वाटली, आणि बघता बघता ती सर्वांना हवीशी झाली. १६१७ साली जहांगीराने बंदी घातली. तोवर उशीर झाला होता.

पहिल्या झुरक्याची मळमळ म्हणजे शरीराचा नकार होय. धुरातले निकोटीन काही सेकंदांतच मेंदूत पोचते. हळूहळू शरीराला त्याची सवय होते, गरगरणे थांबते आणि आपल्याला वाटते, 'जमले बुवा!' वास्तविक धोक्याची घंटा तेवढी बंद पडलेली असते. मग बिडी मिळाली नाही की चिडचिड सुरू होते. बिडी सिगारेटपेक्षा सौम्य, हाही गैरसमजच. ती विझू नये म्हणून तर सारखे झुरके ओढावे लागतात.

२००३ च्या कायद्याने शिक्षणसंस्थेपासून १०० यार्डांच्या आत तंबाखू विकण्यास मनाई आहे. पण नवख्याला बिडी दुकानदार शिकवत नाही, मित्र शिकवतो. माझ्या हाती पहिली बिडी जिवलग मित्राने दिली. मला ठसका लागला तेव्हा सगळे हसले. ते हसू थांबावे म्हणूनच मी दुसरा झुरका घेतला. पुढच्या वर्षी एका नवख्या मुलाला मी बिडी दिली, आणि त्याच्या ठसक्याला मीही हसलो. आज त्याची सुटत नाही. याची टोचणी मला आहे.

अकबराजवळ हकीम होता. आपल्याजवळ मित्र असतात. मित्रांनो, पुढच्या नवख्याला ठसका लागेल तेव्हा हसू नका. 'राहू दे, टाकून दे,' एवढेच म्हणा.