कायमचे तात्पुरते

पुण्याच्या पर्वतीलगत पाचगावच्या टेकड्यांवर वनखात्याने झाडे लावून उद्यान उभारण्याची योजना हाती घेतली. खड्डे खणणारे, रोपे जगविणारे मजूर अर्थातच रोजंदारीवर होते. त्यांनी कायमपणाचा हक्क मागितला तेव्हा सरकारचे उत्तर असे, की वनखाते हा उद्योगच नव्हे. कामगार कायद्याचा येथे संबंध काय? ५ डिसेंबर १९९५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हा बचाव फेटाळला. लोकांच्या विरंगुळ्यासाठी उद्यान करणे हे काही राज्याचे सार्वभौम कार्य नव्हे, असा न्यायालयाचा अभिप्राय पडला.

या निकालाचा पाया महाराष्ट्राच्याच १९७१ च्या कायद्यात होता. माणसाला वर्षानुवर्षे बदली, नैमित्तिक वा तात्पुरता म्हणून राबवायचे आणि कायम कामगाराचा दर्जा त्याला मिळू द्यायचा नाही, या हेतूने वागणे ही अनुचित कामगार प्रथा होय, असे त्या कायद्याने ठरविले. हेतू सिद्ध कसा करायचा? मजूर पाच-सहा वर्षे, वर्षाकाठी शंभरपासून तीनशे तीस दिवसांपर्यंत कामावर होते; एवढ्यावरूनच हेतू उघड होतो, असे न्यायालय म्हणाले. कायदा करणारे सरकार आणि त्याच्या कचाट्यात सापडणारे सरकार एकच, हा योगायोग मात्र मौजेचा खरा! पुढे ३१ जानेवारी १९९६ च्या निर्णयान्वये राज्याने वन मजुरांसाठी ८,०३८ अधिसंख्य पदे निर्माण केली. सार्वजनिक बांधकाम खात्यात तर त्यापूर्वीच कालेलकर करारानुसार पाच वर्षे भरलेल्या रोजंदारी कामगारांना 'रूपांतरित नियमित अस्थायी आस्थापने'वर घेण्याची सोय झाली होती. नियमितही आणि अस्थायीही! आपल्या प्रशासनाची भाषा कधीकधी नकळत खरे बोलून जाते.

१० एप्रिल २००६ च्या उमादेवी खटल्याने मात्र वारे फिरले. पाच न्यायमूर्तींच्या पीठाने सांगितले, की जाहिरात आणि स्पर्धा यांना बगल देऊन झालेली भरती केवळ सेवा लांबली म्हणून कायम करता येणार नाही. हा युक्तिवाद हलक्याने घेण्यासारखा नाही. परीक्षेची तयारी करीत वर्षे घालविणाऱ्या तरुणालाही समान संधीचा हक्क आहेच, आणि साहेबांच्या मर्जीने चिकटलेला माणूस त्याची जागा अडवीत असेल तर त्याने कोणाकडे पाहावे? पण त्याच निकालात एक दार उघडे होते. मंजूर पदांवर, पात्रता असलेल्या व न्यायालयाच्या आदेशांच्या आधाराविना दहा वर्षे सेवा केलेल्यांना एकवार सामावून घ्यावे, असे त्यात सांगितले होते. खात्यांनी नकाराचा भाग तेवढा पाठ केला. २००९ साली राज्य परिवहन महामंडळाच्या सफाई कामगारांच्या प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाला स्पष्ट करावे लागले, की अनुचित प्रथा सिद्ध झाल्यास औद्योगिक न्यायालयाचा अधिकार उमादेवी निकालाने हिरावला जात नाही.

थकबाकीचा प्रश्न निघाला की तिजोरीवरील भार पुढे केला जातो. अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याला हा युक्तिवाद विचित्र वाटावा. ज्या कामाचे मोल वेतनश्रेणीत ठरलेले आहे ते कमी पैशांत करून घेतले, तर उरलेला फरक हे मजुराने सरकारला दिलेले बिनव्याजी कर्जच होय; तेही त्याची संमती न घेता. शिवाय २००८ च्या तरसेमसिंग खटल्यातील निकालानुसार, उशिरा दाद मागणाऱ्याला सर्वसाधारणपणे अर्जापूर्वीच्या तीन वर्षांचीच थकबाकी मिळते. पंधरा वर्षे मुकाट्याने राबलेल्याची बारा वर्षे अशा रीतीने बुडीत खात्यात जातात.

न्यायालयाचा सूर अलीकडे बदललेला दिसतो. डिसेंबर २०२४ मध्ये केंद्रीय जल आयोगातील सफाई व बागकाम करणाऱ्यांना नियमित करण्याचा आदेश झाला. काढून टाकल्यानंतरच्या काळाचे वेतन मात्र मिळाले नाही. ऑगस्ट २०२५ मध्ये उत्तर प्रदेशच्या उच्च शिक्षण सेवा आयोगातील रोजंदारी कर्मचाऱ्यांना २४ एप्रिल २००२ पासून नियमित ठरवून फरकाची रक्कमही देवविण्यात आली.

ही तारीख कळीची आहे. महाराष्ट्रात १ नोव्हेंबर २००५ पासून नव्याने सेवेत येणाऱ्यांना जुने निवृत्तिवेतन बंद झाले. तेव्हा १९९० पासून राबणारा मजूर २००४ पासून कायम धरला जातो की २०१० पासून, यावर त्याचे म्हातारपण अवलंबून राहते. ही तारीख ठरते हजेरीपटावरून. आणि हजेरीपट असतो खात्याच्या कपाटात. चावी खात्याकडे, पुराव्याचा भार मजुरावर! नोंदी हजर न केल्यास मजुराचे म्हणणे खरे मानावे, एवढा एक नियम सरकारने स्वतःहून काढला, तरी कितीतरी खटले पहिल्याच तारखेला निकाली निघतील.