सीताफळ वाकडं का होतं?

सीताफळाच्या पाटीत एखादं फळ एका बाजूला बसकं असतंच. गिऱ्हाईक ते नेमकं बाजूला सारतं. हा वाकडेपणा बहुतेक वेळा फुलातच ठरलेला असतो.

हे फूल सहसा कुणाच्या नजरेत भरत नाही. हिरवट, खाली लोंबणारं, तीन जाड पाकळ्यांचं. पाकळ्या सोलल्या की आत छोटासा उंचवटा दिसतो: टोकाला स्त्रीकेसरांची दाटी, भोवती पुंकेसरांचं कडं. प्रत्येक स्त्रीकेसरात एकच बीजांड असतं. फळावरचा एकेक डोळा म्हणजे असा एकेक स्त्रीकेसर.

नर-मादी एकाच फुलात, पण दोघांची वेळ सहसा जुळत नाही. आधी पाकळ्या जेमतेम विलगतात. तेव्हा स्त्रीकेसराचं टोक, म्हणजे कुक्षी, ओलसर आणि चिकट असते, पण परागकोश बंद असतात. पुढे पाकळ्या फाकतात, पराग मोकळा होतो, तोवर कुक्षी सुकत आलेली असते. त्यामुळे पराग बहुधा दुसऱ्या फुलातून यावा लागतो. तो आणतात बारीक भुंगेरे. वासाच्या ओढीने ते फटीतून आत शिरतात आणि पाकळ्यांच्या आडोशाला राहतात. हवा कोरडी असली की कुक्षी लवकर वाळते आणि फळधारणा घटते.

कुक्षीवर चिकटलेला परागकण रुजतो. त्याची नलिका बीजांडापर्यंत वाढत जाते आणि दोन नरपेशी तिथे पोचवते. एक अंडपेशीशी मिळते, त्यातून भ्रूण होतो. दुसरी मधल्या दोन केंद्रकांशी मिळते, त्यातून भ्रूणाचं अन्न, भ्रूणपोष तयार होतो. सपुष्प वनस्पतींची ही दुहेरी रीत सेर्गेई नवाशिन यांनी 1898 मध्ये लिलीच्या कुळात दाखवली.

वाढत्या बीमुळे भोवतीचा गर फुगतो. ज्या बाजूच्या कुक्षींना पराग मिळाला नाही, तिथले डोळे खुजे राहतात आणि फळ त्या बाजूला बसतं. म्हणून काही बागायतदार पूर्ण उमललेल्या फुलांचा पराग गोळा करून, अर्धवट उघडलेल्या फुलांत मऊ ब्रशने फिरवतात. काम किचकट, पण फळ गोल येण्याची शक्यता वाढते.

बी उभी चिरून पाहा. घड्या पडलेला पांढरट भाग म्हणजे भ्रूणपोष. भ्रूण टोकाशी, इवलासा. नंतर हात धुवा, बियांची भुकटी डोळ्यांना घातक असते.