निकाल लागेपर्यंत जागाच उरत नाही

दिल्लीत कस्तुरबा गांधी मार्गावरच्या महाराष्ट्र सदनातून टिळक मार्गावरचे सर्वोच्च न्यायालय रिक्षाने काही मिनिटांवर आहे. प्रवेशाचा वाद घेऊन गावाहून आलेल्या पालकांना अंतर नडत नाही, तारखा नडतात. केंद्रीय प्रवेश प्रक्रियेच्या फेऱ्या (कॅप राउंड) संपतात, वर्ग सुरू होतात, जागा भरतात आणि वकील सांगतात, ‘पिटिशन इन्फ्रक्च्युअस झाली.’ याचिका निरर्थक ठरली, म्हणजे न्याय कुणाच्या बाजूने होता, हे कधीच कळणार नाही.

याचे सर्वांत गाजलेले उदाहरण अमेरिकेतले. मार्को डीफ्युनिसला वॉशिंग्टन विद्यापीठाने कायद्याच्या अभ्यासक्रमाला प्रवेश नाकारला. खालच्या कोर्टाच्या आदेशाने तो वर्गात बसला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात सुनावणीला आले तोवर तो शेवटच्या वर्षाला पोचला होता. २३ एप्रिल १९७४ रोजी पाच विरुद्ध चार मतांनी निर्णय झाला: आता वादच उरलेला नाही. प्रवेश देताना वंश पाहावा का, या मूळ प्रश्नाला हात लागला नाही. हा प्रश्न पुन्हा दारात येणारच, असे न्या. विल्यम ब्रेनन यांनी असहमती नोंदवताना बजावले. चारच वर्षांत, १९७८ साली, ॲलन बॅकी खटल्यात तो आलाच.

डीफ्युनिस निदान वर्गात होता. आपल्याकडचा विद्यार्थी बाहेर उभा असतो. वैद्यकीय प्रवेशाची ३० सप्टेंबर ही मुदत काटेकोर पाळा, असे सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये सांगितले, ते रास्तच होते. पण २०१४ मध्ये त्याच न्यायालयाने ठरवले की मुदत उलटल्यावर प्रवेश नाही, पुढच्या वर्षीची जागाही नाही, फार तर भरपाई. चूक यंत्रणेची आणि करिअर मुलाचे गेले!

१३ डिसेंबर २०१९ रोजी न्या. अरुण मिश्रा, न्या. एम. आर. शहा आणि अमरावतीचे न्या. भूषण गवई यांच्या पीठाने हे बदलले. विद्यार्थी गुणवत्तेत बसत असेल, त्याचा दोष नसेल आणि तो विनाविलंब कोर्टात आला असेल, तर अपवाद म्हणून मुदतीनंतर महिनाभरात प्रवेश द्यावा. ते शक्य नसेल तर पुढच्या वर्षी जागा द्यावी. शिवाय भरपाईही देता येईल. निकाल एमबीबीएसपुरता होता. पण पुढच्याच वर्षी, असाच प्रवेश हुकलेल्या तेलंगणातल्या एका डॉक्टरला पदव्युत्तर शल्यचिकित्सेची जागा आणि दहा लाख रुपये मिळाले.

२२ नोव्हेंबर २०२१ रोजी न्या. धनंजय चंद्रचूड यांच्या पीठाने, शुल्क वेळेत भरता न आलेल्या दलित विद्यार्थ्यासाठी आयआयटी मुंबईला जागा निर्माण करायला लावली. त्यासाठी घटनेचा अनुच्छेद १४२ वापरावा लागला. हा विशेषाधिकार फक्त सर्वोच्च न्यायालयाकडे आहे. दिल्लीपर्यंत येऊ न शकणाऱ्या मुलाने काय करायचे?

याउलट, मराठा आरक्षणाचा कायदा ५ मे २०२१ रोजी रद्द झाला, तरी ९ सप्टेंबर २०२० च्या अंतरिम स्थगितीपूर्वी झालेले पदव्युत्तर वैद्यकीय प्रवेश कायम राहिले. आत बसलेल्याला न्यायालये सहसा उठवत नाहीत, आणि तेच बरोबर. मग बाहेर अडकलेल्यालाही २०१९ चे सूत्र सर्व शाखांत मिळायला हवे. उच्च न्यायालयांनी या याचिका वर्ग सुरू होण्याआधी ऐकाव्यात आणि जागा गेली तरी कायद्याच्या प्रश्नाचे उत्तर द्यावे.

पालकांनी एवढे करावे: अन्यायाने प्रवेश नाकारला गेला, तर पुढच्या फेरीची वाट न पाहता लगेच कोर्टात जावे. उशीर करणाऱ्याला २०१९ च्या निकालाचा आधार मिळत नाही.