आधी उंची बघा: इंकांचे अवशेष, अँडीजचे बाजार आणि एक दिवस

व्याख्यान सुरू होण्याआधी पुढच्या रांगेतल्या एका बाईंनी मला विचारलं, "आम्ही माचू पिच्चूला जाणार आहोत. मध्ये एक दिवस मोकळा आहे. स्वतंत्र गाडी करून काय बघावं?" मी त्यांना म्हटलं, आजचं व्याख्यान त्या एका दिवसाबद्दलच आहे.

आधी जागा डोळ्यांसमोर आणू. दक्षिण पेरूमध्ये कुस्को हे शहर आहे. ही इंकांची राजधानी. त्यांच्या राज्याचं नाव तावान्तिन्सुयु, म्हणजे एकत्र आलेले चार भाग. 1532 मध्ये स्पॅनिश लोक येऊन थडकले तेव्हा हे राज्य आजच्या इक्वेडोरपासून चिलीपर्यंत पसरलेलं होतं. कुस्कोच्या उत्तरेला तासाभराच्या अंतरावर उरुबाम्बा नदीची दरी लागते. पिसाक, ओयान्तायताम्बो आणि वरच्या पठारावरचं चिन्चेरो ही तीन ठिकाणं एका दिवसात होतात.

मी ती दोनदा केली. पहिल्यांदा मोठ्या बसमधून गेलो. चाळीस माणसं, प्रत्येक ठिकाणी पाऊण तास, मध्ये जेवण, आणि "अर्ध्या तासात खरेदी करून या". रात्री फोटो बघायला बसलो तर कुठली भिंत कुठली, ते सांगता येईना. बाजारात 'बेबी अल्पाका' म्हणून घेतलेली शाल घरी येऊन निरखली, तर निव्वळ अॅक्रिलिक! फसवलं कुणी, यापेक्षा मला खंत वाटली ती दिवस वाया गेल्याची. मी बघितलं सगळं, पण कळलं काहीच नव्हतं.

दुसऱ्यांदा आम्ही तिघांनी गाडी आणि गाईड ठरवला. त्या गाईडने एकच गोष्ट वेगळी केली. प्रत्येक थांब्यावर उतरलो की तो म्हणायचा, "आधी फोनवर उंची बघा. मग विचारा, इथे काय पिकतं?" बास. या दोन प्रश्नांनी दिवस उलगडत गेला. तेच मी आज तुम्हाला देणार आहे.

उंचीचे आकडे बघा. कुस्को साधारण 3,400 मीटरवर. पिसाक गाव जेमतेम 3,000 मीटरच्या आत, त्याच्या वरचे अवशेष 3,300 च्या पुढे. ओयान्तायताम्बो 2,800 च्या आसपास. चिन्चेरो 3,700 च्याही वर. आपलं कळसूबाई 1,646 मीटर. म्हणजे त्या दरीचा तळसुद्धा कळसूबाईच्या माथ्यापेक्षा हजार मीटरहून जास्त उंच आहे.

आता हजार मीटर वर चढलं की तापमान साधारण साडेसहा अंशांनी उतरतं. म्हणून दरीच्या तळाशी मका होतो, आणि काय मका! एकेक दाणा अंगठ्याच्या नखाएवढा, पांढराशुभ्र. जरा वर गेलात की मका थांबतो आणि बटाटा सुरू होतो. 4,000 मीटरच्या वर नुसतं गवत, तिथे लामा आणि अल्पाका चरतात. डोंगराच्या पलीकडे जंगलाच्या बाजूला उतरलात की कोका, मिरची, फळं. एकाच दिवसाच्या वाटचालीत तीन-चार हवामानं! मग कुठल्याही एका उंचीवरच्या माणसाला पोटापुरतं सगळं मिळणार कसं?

जॉन मुर्रा नावाच्या मानववंशशास्त्रज्ञाने 1972 मध्ये याचं उत्तर मांडलं. तो म्हणाला, अँडीजमधला समाज एका सपाट मुलखात राहत नव्हता. प्रत्येक समूहाची काही माणसं वर कळपांपाशी, काही मधे बटाट्यापाशी, काही खाली मक्यापाशी किंवा कोकापाशी. जणू समुद्रातली बेटं, फक्त आडवी पसरलेली नाहीत, तर उभी रचलेली. आणि ही बेटं एकमेकांशी जोडलेली होती ती नात्याने आणि देवाणघेवाणीच्या बांधिलकीने. व्यापाऱ्याची गरज फारशी नव्हतीच.

हे डोक्यात ठेवून पिसाकला वर चढा. डोंगरउतारावर खालपासून वरपर्यंत पायऱ्यापायऱ्यांची शेतं दिसतात. बसमधून बघताना मला ती नक्षी वाटली होती. प्रत्यक्षात ते यंत्र आहे. आत खाली मोठे दगड, त्यावर खडी, त्यावर वाळू, सगळ्यात वर सुपीक माती. पाऊस कितीही कोसळला तरी पाणी झिरपून जातं, बांध फुगून फुटत नाही. भिंती किंचित आत झुकलेल्या. दिवसभर तापलेले दगड रात्री ऊब सोडतात, म्हणून दहिवराचा मार कमी बसतो. एका टप्प्यावरून दुसऱ्यावर जायला भिंतीतून बाहेर आलेले दगड आहेत, तोच जिना. मक्याला थोडं आणखी वर चढवायचं, हा त्या सगळ्या खटाटोपाचा मोठा उद्देश. उंचीशी केलेला सौदा म्हणा ना!

मग ओयान्तायताम्बो. इथे सगळ्यांची नजर जाते ती वरच्या सहा प्रचंड गुलाबी शिळांकडे. नदीपलीकडच्या डोंगरातून, साधारण पाच किलोमीटरवरून त्या आणल्या. वाटेत सोडून दिलेल्या काही शिळा अजून पडून आहेत, त्यांना तिथे 'थकलेले दगड' म्हणतात. पण तुम्ही जरा मागे वळा. गावाच्या दुसऱ्या बाजूच्या उभ्या कड्यावर लांबट दगडी इमारती दिसतील. ती कोठारं, त्यांच्या भाषेत कोल्का. धान्य गावात न ठेवता एवढ्या वर का नेलं? कारण तिथे वारा आहे, गारवा आहे, हवा खेळती आहे. धान्य टिकतं.

आणि इथेच माझा दुसरा गैरसमज गळून पडला. गाडीत बसताना मी म्हणालो होतो, "आज इंकांचे बाजार बघू." गाईड हसला. इंकांच्या राज्यात नाणं नव्हतं. मोठ्या बाजारपेठांवर राज्य चालत नव्हतं. लोक कर म्हणून धान्य किंवा पैसा देत नसत, श्रम देत. त्याला मीता म्हणत. त्या श्रमातून सरकारी शेतं पिकायची, कोठारं भरायची, आणि कोठारांतून सैन्याला, मजुरांना पुरवठा व्हायचा. हिशेब दोरांच्या गाठींत, म्हणजे किपूत. कोठार हाच त्यांचा बाजार होता म्हणा.

मग पिसाकचा चौक आणि त्यातला बाजार आला कुठून? 1570 च्या दशकात तोलेदो नावाच्या व्हाइसरॉयने डोंगरात विखुरलेल्या लोकांना खाली आणून चौकोनी आखणीच्या गावांत बसवलं. मध्ये चौक, चौकाला लागून चर्च. पिसाक हे असंच एक गाव. शिवाय कर चांदीच्या नाण्यांत मागितला. नाणं हवं तर काहीतरी विकायला हवं. म्हणजे ज्याला आपण प्राचीन बाजार समजून फोटो काढतो, तो मुळात जिंकलेल्यांवर लादलेल्या व्यवस्थेतून उभा राहिला आहे.

पण गंमत बघा. लोकांनी त्याच चौकात आपली जुनी उभी देवाणघेवाण शिरवली. पिसाकला हस्तकलेची दुकानं रोज असतात, पण मंगळवार, गुरुवार आणि विशेषतः रविवार हे जुने बाजाराचे दिवस. त्या दिवशी शालींच्या रांगा सोडा आणि भाजीच्या बाजूला जा. वरच्या गावांतून आलेल्या बायका रंगीत पोतडीत बटाटे घेऊन बसलेल्या असतात. जांभळे, काळे, बोटासारखे वाकडे. अँडीजमध्ये बटाट्याचे चार हजारांहून अधिक स्थानिक प्रकार आहेत. आपला 'बटाटा' शब्द पोर्तुगीजांकडून आला, आणि त्यांच्याकडे तो कॅरिबियन बेटांवरच्या रताळ्याच्या नावावरून. जन्मगावी त्याचं नाव 'पापा'. तिथेच दगडासारखे वाळलेले बटाटे दिसतील. ते चुन्यो. कडाक्याच्या थंडीच्या रात्री बटाटे उघड्यावर गोठवायचे, पायांनी तुडवून पाणी काढायचं, उन्हात वाळवायचे. वर्षानुवर्षं टिकतात. कोठारांत हेच साठवलं जायचं. म्हणजे सकाळी बघितलेली भिंत आणि दुपारी बघितलेली पोतडी एकाच गोष्टीचे दोन भाग आहेत.

खरेदीला 'यापा' नावाचा रिवाज आहे. आपल्याकडे भाजीवाली चार मिरच्या वर घालते ना, तसंच. नेहमीच्या गिऱ्हाइकाला ती 'कासेरा' म्हणते. आणि डोंगरापलीकडे लारेसच्या खोऱ्यात अजूनही पैशाशिवाय चालणारे बाजार भरतात. वरची बाई बटाटे देते, खालची मका, फळं, कोका देते. मुर्राची उभी बेटं अजून बुडालेली नाहीत.

परतीच्या वाटेवर चिन्चेरो. इंका भिंतीवर बांधलेलं चर्च, आणि विणकर बायका. कंबरेला बांधायचा माग, कोचिनील किड्यापासून काढलेला लाल रंग. त्या लोकर कातून, रंगवून दाखवतात. माझ्या अॅक्रिलिकच्या शालीची गोष्ट सांगितल्यावर एकीने माझ्या हातात दोन धागे दिले. एक उबदार लागला, दुसरा घसरडा. एवढीच परीक्षा. याच गावच्या निल्दा कायान्याउपा यांनी 1996 मध्ये कुस्कोला पारंपरिक वस्त्रकला केंद्र उभारलं. विणकाम पोट भरू शकतं, तरच ते टिकेल, हा त्यामागचा व्यवहारी विचार. म्हणून हाताने विणलेल्या कापडावर फार घासाघीस करू नका. एका पट्ट्यात कित्येक दिवसांची मजुरी असते.

आणि याच पठारावर नवा विमानतळ होतो आहे. 2019 मध्ये मातीकाम सुरू झालं. पुरातत्त्वज्ञांनी, इतिहासकारांनी जाहीर विरोध केला. गावातल्या अनेकांना मात्र तो हवा आहे, कारण त्यांना रोजगार दिसतो. मी बाहेरून आलेला, विमानानेच आलेला माणूस. मी त्यांना काय शिकवणार? पण एवढं नक्की की विमानं थेट तिथे उतरू लागली की चाळीस माणसांच्या बसेस वाढतील, पाऊण तासाचे थांबे आणखी आखूड होतील.

आता बाईंच्या प्रश्नाचं सरळ उत्तर. विमानाने कुस्कोला उतरलात की पहिल्या दोन रात्री खाली दरीत काढा. तिथे श्वास कमी लागतो. हृदयाचा किंवा दम्याचा त्रास असेल तर निघण्याआधी डॉक्टरांना विचारा. पावसाळा साधारण नोव्हेंबर ते मार्च. मे ते सप्टेंबर कोरडे महिने. शक्य असेल तर रविवार धरा. पिसाकचे अवशेष सकाळी उघडतात, तेव्हाच दारात असा. स्वतंत्र गाडीचा खरा फायदा तोच, आरामशीर सीट नव्हे. गाडीने वर जा आणि चालत गावात उतरा, म्हणजे उंची पायांना कळेल. दरीतल्या ठिकाणांचं एकत्रित तिकीट मिळतं, रोख सोल जवळ ठेवा. परवानाधारक गाईड घ्या, आणि त्याला आधीच सांगा की दुकानांत नेऊ नको, भाजीच्या रांगेत ने. जेवण बुफेत नको, बाजारातच घ्या. उकडलेला मका आणि ताजं चीज. वेळ कमी पडला तर एक ठिकाण सोडा, पण घाई करू नका.

आणि प्रत्येक थांब्यावर, कॅमेरा काढण्याआधी, फोनवर उंची बघा. मग आजूबाजूला बघून विचारा, इथे काय पिकतं, आणि जे पिकत नाही ते इथल्या माणसाला कोण आणून देतं? उत्तर बहुतेक वेळा समोरच पोतडी उघडून बसलेलं असतं.

आता प्रश्न घेऊ या.