‘बल्ब’ : दवाखान्यातल्या एका शब्दाचा शोध

जिल्हा रुग्णालय असो, तालुक्याचं ग्रामीण रुग्णालय असो की बसस्थानकासमोरची दोन खोल्यांची लॅब असो, आमच्या बीड जिल्ह्यात तपासणीचं रक्त घेतात ते ‘बल्ब’मध्ये. ‘दोन बल्ब काढा, एक प्लेन आणि एक ईडीटीए’ असं सिस्टर म्हणतात. ‘हे बल्ब लॅबमध्ये देऊन या’ असं नातेवाइकाला सांगितलं जातं. मुंबई-पुण्याच्या रुग्णालयांतही हाच शब्द ऐकू येतो. वस्तू पाहावी तर बोटाएवढी, गोल बुडाची, रंगीत झाकणाची प्लास्टिकची नळी. तिच्यात ना तार, ना उजेड. इंग्रजीत अशा सरळ नळीला बल्ब म्हणत नाहीत, ट्यूब म्हणतात. हिंदी मुलखातल्या लॅबमध्ये ‘व्हायल’ अधिक चालतं. मग हा शब्द आपल्याकडे आला कसा आणि इतका घट्ट बसला कसा?

मी ना भाषाशास्त्राचा पदवीधर, ना वैद्यकाचा. कानावर पडलेला शब्द वहीत टिपून ठेवायचा आणि त्याचा माग काढायचा, एवढाच नाद. एरवी एखाद्या शब्दाचं मूळ कळलं काय आणि न कळलं काय, कुणाचं काही अडत नाही. या शब्दाचं मात्र तसं नाही. त्याचा अर्थ नीट न कळल्यास रुग्णाचा रिपोर्ट चुकू शकतो.

आधी या नळीची भावंडं पाहू. आमच्याकडच्या जुन्या माणसांच्या तोंडी ‘शिशी’ असायची. सरकारी दवाखान्यात जाताना रिकामी शिशी घरून न्यायची, कंपाउंडर तीत लाल औषध ओतायचा आणि मात्रा कळावी म्हणून कातरलेल्या कागदाची पट्टी वर डकवायचा. शिशी आली फारसी ‘शीशा’वरून, म्हणजे काचेवरून. १९४८च्या सप्टेंबरापर्यंत बीड निजामाच्या राज्यात होतं, कारभार उर्दूत चालायचा. त्यामुळे ‘दवाखाना’, ‘शिशी’, ‘नमुना’ हे शब्द इथल्या माणसाला कधी परके वाटलेच नाहीत. ‘कुपी’ संस्कृतातून आली. ती अत्तराची, फार तर मौल्यवान तेलाची. ‘ॲम्प्यूल’ म्हणजे काच वितळवून तोंड बंद केलेली आणि मान मोडून उघडायची कुपी. ‘व्हायल’ म्हणजे रबरी बुचातून सुई घालून औषध ओढायची बाटली.

शाळेच्या विज्ञानानं आणखी काही नावं दिली. बीकरला चंचुपात्र, टेस्ट ट्यूबला परीक्षानळी. १९६०मध्ये राज्याबरोबरच भाषा संचालनालय आलं आणि परिभाषेचं काम पद्धतशीर सुरू झालं. या शब्दांची टिंगल करण्याची आपल्याकडे चाल आहे. मी तिच्यात सामील नाही. परीक्षानळी हा अर्थ सांगणारा चांगला शब्द आहे. पण तो वर्गात राहिला, वॉर्डात गेला नाही. २०२१मध्ये वर्तमानपत्रं ‘लसीच्या कुप्या’ आल्याचं छापत होती, तेव्हा लसीकरण केंद्रावर कर्मचारी ‘व्हायल उघडली, दहा माणसं होऊ द्या’ असं म्हणत होते. छापील मराठी आणि हाताळणारी मराठी यांच्यातलं हे अंतर. ‘बल्ब’ मात्र कुणी ठरवून दिला नाही. हाताळणाऱ्यांनीच तो रुजवला.

या शब्दाचं मूळ स्वयंपाकघरात सापडतं. ग्रीक ‘बोल्बोस’ आणि लॅटिन ‘बुल्बुस’ म्हणजे कांदा, कंद. कंदासारखा फुगीर म्हणून तापमापीच्या टोकाचा पाऱ्याचा फुगा बल्ब झाला. मग विजेच्या दिव्याचा काचेचा फुगाही बल्ब झाला. इथपर्यंत आकाराचा धागा शाबूत आहे. रक्ताच्या नळीपाशी तो तुटतो, कारण ती फुगीर नाहीच. म्हणजे हा शब्द नळीच्या आकारावरून आलेला नसणार. दुसऱ्या एखाद्या वस्तूवरून तो तिच्याकडे सरकला असणार.

ती वस्तू म्हणजे पेनिसिलिनची बाटली, असा माझा तर्क आहे. पेनिसिलिनची पूड रबरी बुचाच्या, ॲल्युमिनियमच्या टोपणाच्या बुटक्या काचेच्या बाटलीत यायची. तिच्यात सुईनं शुद्ध पाणी सोडायचं, हलवायचं आणि औषध ओढून घ्यायचं. रुंद पोट, आखूड मान, पारदर्शक काच. आमच्या भागातल्या जुन्या कंपाउंडरांच्या तोंडी तिचं नाव ‘पेनिसिलिनचा बल्ब’ असंच मी ऐकलं आहे. फ्लेमिंगनं पेनिसिलिन ओळखलं १९२८मध्ये, पण माणसांवर त्याचे उपचार सुरू झाले १९४१च्या सुमारास. दाते-कर्वे यांच्या महाराष्ट्र शब्दकोशाचे सात विभाग त्याआधीच, १९३०च्या दशकात छापून झाले होते. तेव्हा हा अर्थ त्यात असण्याचा संभवच नव्हता. पुढे १९५४मध्ये पुण्याजवळ पिंपरीला हिंदुस्थान अँटिबायोटिक्स हा सरकारी कारखाना उभा राहिला, आणि पेनिसिलिन खेड्यापाड्यांतल्या दवाखान्यांपर्यंत पोचू लागलं.

औषध संपलं की बाटली उरायची, आणि तुटवड्याच्या काळात अशी काचेची बाटली कोण टाकणार? ती धुवायची, उकळायची, वाळवायची आणि रक्ताच्या नमुन्याला वापरायची. रक्त गोठू नये असं हवं असल्यास आत ऑक्झलेटच्या द्रावणाचे थेंब टाकून सुकवून ठेवायचे. बुचाची सोय होतीच. अशा रीतीनं औषधाचा बल्ब नमुन्याचा बल्ब झाला. पुढे तयार नळ्या विकत मिळू लागल्या, बाटली गेली, काच गेली, फुगीर पोट गेलं. नाव तेवढं मागे राहिलं.

जगभर याच काळात दुसरी वाट निघाली होती. जोसेफ क्लायनर या अमेरिकी संशोधकानं १९४०च्या दशकात हवा काढून घेतलेली नळी तयार केली. सुई टोचली की आतल्या निर्वातामुळे ठरावीक रक्त आपोआप ओढलं जातं. ‘व्हॅक्युटेनर’ हे तिचं व्यापारी नाव. मोठ्या रुग्णालयांत आता तीही दिसते. लहान लॅबमध्ये मात्र सिरिंजनं रक्त काढून बल्बात खुणेपर्यंत भरण्याची रीत अजून चालू आहे.

खरी गोष्ट इथून पुढे आहे. पेनिसिलिनचा धुतलेला बल्ब काचेचा होता आणि बहुधा रिकामा होता. आजचा बल्ब प्लास्टिकचा आहे आणि बहुधा रिकामा नाही. शब्द तोच राहिला, वस्तू पार बदलली.

जांभळ्या झाकणाच्या बल्बात ईडीटीए असतं. ते रक्तातलं कॅल्शियम धरून ठेवतं आणि कॅल्शियमशिवाय रक्त गोठत नाही. हिमोग्लोबिन, पेशींची मोजणी, तीन महिन्यांच्या साखरेची सरासरी यांसाठी हा बल्ब. करड्या झाकणाच्या बल्बात सोडियम फ्लोराइड असतं, तो साखरेसाठी. फिकट निळ्यात सायट्रेट. नऊ भाग रक्ताला एक भाग द्रावण हे प्रमाण तिथं पाळावंच लागतं, नाहीतर रक्त गोठण्याचा वेळ चुकीचा दिसतो. लाल झाकणाचा ‘प्लेन’. त्यात रक्त गोठू द्यायचं आणि वर सुटलेला द्रव, म्हणजे सीरम, तपासायचा. पिवळ्यात गोठण वाढवणारा पदार्थ आणि तळाशी जेल. झाकणांचे रंग कंपनीगणिक थोडे इकडेतिकडे होतात, म्हणून रंगाबरोबर वरची अक्षरंही वाचावी लागतात.

‘ह्या बल्बात कमी पडलं, त्यातलं ह्यात ओता’ ही घाईतली युक्ती किती महाग पडते, याचं एक उदाहरण आमच्या नात्यातलं आहे. एका वयस्क बाईंच्या रिपोर्टमध्ये पोटॅशियम जिवाला धोका असावा इतकं वाढलेलं आणि कॅल्शियम अशक्य वाटावं इतकं उतरलेलं निघालं. घरात रडारड झाली, गाडी ठरली. डॉक्टर जाणते होते. ते म्हणाले, अशी माणसं खाटेवर बसून चहा पीत नसतात. रक्त पुन्हा काढा. दुसरा रिपोर्ट सरळ आला. कारण साधं होतं. बल्बातलं ईडीटीए पोटॅशियमच्या क्षाराच्या रूपात असतं. जांभळ्या बल्बातलं रक्त प्लेनमध्ये गेलं की रिपोर्टमध्ये दिसतं ते बल्बातलं पोटॅशियम, आणि माणसाचं कॅल्शियम ईडीटीएनं आधीच धरून ठेवलेलं असतं. आजार बाईंना नव्हता, नमुन्याला होता.

साखरेचंही तसंच. रक्त शरीराबाहेर आलं तरी पेशी जिवंत असतात आणि साखर खात राहतात. साध्या बल्बात, खोलीच्या तापमानाला, तासाला साधारण पाच ते सात टक्के साखर कमी होते; उन्हाळ्यात हा वेग आणखी वाढतो. वाडीवरून सकाळी घेतलेला नमुना दुपारी शहरात पोचणार असेल, तर मधुमेह असलेला माणूस कागदावर निरोगी दिसू शकतो. करड्या बल्बातलं फ्लोराइड पेशींचं हे खाणं थांबवतं.

सगळ्यांत कठीण प्रसंग सर्पदंशाचा. कापसाच्या वा उसाच्या रानात घोणस किंवा फुरसं चावलं तर विषानं रक्ताची गोठण्याची शक्ती जाते. ती गेली की नाही हे पाहण्याची सोपी चाचणी आहे. शिरेतलं दोन मिलिलिटर रक्त नव्या, स्वच्छ, कोरड्या काचेच्या नळीत घ्यायचं, वीस मिनिटं हलवायचं नाही, मग एकदा तिरपं करून पाहायचं. वाहिलं तर प्रतिविष हवं. यंत्र नको, वीज नको. या चाचणीत काच ही निव्वळ भांडं नसते. काचेचा स्पर्शच गोठण्याची क्रिया सुरू करतो. प्लास्टिकला ते नीट जमत नाही. साबणानं धुतलेल्या काचेचाही भरवसा नाही. आणि ईडीटीएच्या बल्बात तर धडधाकट माणसाचं रक्तही गोठणार नाही. रात्री दोन वाजता ‘एक बल्ब आण’ म्हटल्यावर हाताला प्लास्टिकचा बल्ब लागला, तर विष नसलेल्याला प्रतिविष जाऊ शकतं, आणि त्याची तीव्र ॲलर्जी येण्याचा धोका वेगळाच. या एका चाचणीला शब्दाचा जुना अर्थ हवा असतो, काचेचा आणि कोरा. आजच्या शब्दातून तोच पुसला गेला आहे.

भांड्याइतकंच महत्त्व त्याच्यावरच्या चिठ्ठीला. याचा दाखला मुंबईच्या प्रयोगशाळेच्या इतिहासात आहे. हाफकीन यांनी परळच्या प्रयोगशाळेत तयार केलेली प्लेगची लस ३० ऑक्टोबर १९०२ रोजी पंजाबातल्या मलकोवाल गावी १०७ जणांना टोचली गेली. त्यांतले १९ जण धनुर्वातानं दगावले. ठपका हाफकीन यांच्यावर आला. पण बाटल्यांवर क्रमांक होते आणि कुणाला कोणत्या बाटलीतून टोचलं याची नोंद होती. मरण पावलेले सगळे ‘५३-एन’ या एकाच बाटलीचे निघाले. ती उघडताना मदतनिसाच्या हातून चिमटा जमिनीवर पडला होता. १९०७पर्यंत हाफकीन दोषमुक्त झाले. आज त्या संस्थेला त्यांचंच नाव आहे. ती लसीची बाटली होती, आपला बल्ब रक्ताचा. पण न्याय एकच. चिठ्ठीवर नाव, वय, तारीख, वेळ नसेल तर आतलं रक्त कुणाचंच नसतं.

आमच्याकडे दसरा-दिवाळी उरकली की ऊसतोडीच्या टोळ्या निघतात. जिल्ह्यातल्या ऊसतोड बायकांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न २०१९मध्ये विधिमंडळात गाजला, आणि जाण्याआधी त्यांची तपासणी व्हावी ही गरज उघडपणे बोलली जाऊ लागली. ‘रगत कमी’ आहे का हे सांगणारा जांभळा बल्ब या बायकांच्या हातातून लॅबमध्ये जातो. तो धसमुसळेपणानं हलवायचा नाही, आठ-दहा वेळा अलगद उलटसुलट करायचा, खुणेइतकाच भरायचा, आपलं नाव वर लिहिलंय का ते पाहायचं, एवढं त्यांना त्यांच्या भाषेत कुणी सांगायला हवं. ते सांगताना ‘बल्ब’ हा शब्द टाकून परीक्षानलिका आणण्याची काही गरज नाही. लोकांनी शब्द निवडला आहे. आता त्याला पूर्ण अर्थ द्यायचं काम कोशकारांचं आणि शिकवणाऱ्यांचं.

माझ्या वहीत ही नोंद मी अशी केली आहे :

बल्ब (पु.) : १. विजेचा दिवा. २. इंजेक्शनच्या औषधाची रबरी बुचाची काचेची बाटली. ३. रक्ताचा नमुना घेण्याची झाकणाची नळी, हल्ली प्लास्टिकची. आत काय आहे ते झाकणाच्या रंगावरून व अक्षरांवरून ओळखावं. एकातलं रक्त दुसऱ्यात ओतू नये. सर्पदंशात काचेचाच घ्यावा.