संथ माहितीपट आणि खुलताबादचे डोंगर

संथ माहितीपट म्हणजे काय?

निसर्गावरचे बरेच माहितीपट घाईत असतात. दर चार-पाच सेकंदांनी शॉट बदलतो, निवेदक सगळे सांगून टाकतो. संथ माहितीपटात शॉट मिनिटामिनिटांचा चालतो, निवेदन जुजबी किंवा नसतेच, आणि संगीताऐवजी त्या जागेचाच आवाज ऐकू येतो. अमेरिकेच्या जेम्स बेनिंग यांच्या 'थर्टीन लेक्स' (2004) मध्ये 13 तळी आहेत, आणि प्रत्येक तळ्यासाठी 10 मिनिटांचा एकच स्थिर शॉट. 16 मिमी फिल्मचे एक रीळ साधारण तेवढेच चालते.

आपल्याकडचे नमुने

सर्वनिक कौर यांचा 'अगेन्स्ट द टाइड' मुंबईतल्या दोन कोळी मित्रांचा आहे. आटत चाललेली मासळी आणि तिच्यामागे धावण्याचे दोघांचे वेगळे मार्ग कॅमेरा होडीत बसून पाहतो. अनिर्बन दत्ता आणि अनुपमा श्रीनिवासन यांच्या 'नॉक्टर्न्स' मध्ये अरुणाचलच्या जंगलात रात्री पांढऱ्या कापडावर उजेड पाडतात. त्यावर निशाचर पतंग गोळा होतात आणि आपण पंखांची फडफड ऐकत राहतो. सनडान्स महोत्सवात पहिल्याला 2023 मध्ये, तर दुसऱ्याला 2024 मध्ये परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळाला.

खुलताबादच का?

असा संथ माहितीपट करायला खुलताबादचे डोंगर योग्य, कारण इथे काळ एकावर एक रचलेला दिसतो. डोंगर सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा, शेजारी वेरूळला त्याच कातळात कोरलेली लेणी, 1707 मध्ये वारलेल्या औरंगजेबाची गावातली उघडी, साधी कबर. आणि या सगळ्यावर पावसाळा. वैशाखात करपलेले जवळच्या म्हैसमाळचे पठार श्रावणात हिरवेगार होऊन धुक्यात बुडते. वेरूळच्या 29 क्रमांकाच्या लेण्याजवळ, सीतेच्या न्हाणीत कोसळणारा येळगंगेचा धबधबा उन्हाळ्यात नुसता कोरडा कडा असतो. हा बदल दोन दिवसांच्या शूटिंगमध्ये सापडत नाही.

चित्रीकरण कसे करतात?

आधी बिनकॅमेऱ्याने हिंडून मोजक्या जागा ठरवायच्या. ट्रायपॉड कुठे रोवला, किती उंचीवर, कोणत्या दिशेला, हे वहीत टिपून ठेवायचे, म्हणजे उन्हाळ्यातली फ्रेम पावसाळ्यात जशीच्या तशी मिळते. पठारावर वारा फार, म्हणून माइकवर केसाळ आवरण हवेच. शॉट चालू असताना कॅमेऱ्याला हात लावायचा नाही. गुराखी फ्रेममध्ये आला तर येऊ द्यायचा. लेण्यांत ट्रायपॉड लावायचा असेल तर भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाची परवानगी आधी काढावी लागते.

खर्च कशाचा?

कॅमेरा भाड्याने मिळतो. महाग पडतो तो मुक्काम. पुण्या-मुंबईहून आलेल्या चमूला आभाळ उघडेपर्यंत लॉजवर बसून राहणे परवडत नाही. खुलताबादच्या किंवा वेरूळच्या पोराचा हा खर्चच वाचतो. सरी कधी थांबतात, धुके कोणत्या घाटातून वर चढते, हे त्याला ठाऊक असते, आणि यंदाचा श्रावण हुकलाच तर तो पुढच्या श्रावणापर्यंत थांबू शकतो.